परत आलेलं यान काय सांगतं?

प्रश्न असा होता: एकदा अंतराळात जाऊन आलेल्या यानात माणसांना पुन्हा बसवणं हा शहाणपणा की जुगार? अमेरिकेच्या स्पेस शटल या पुन्हा वापरायच्या यानाच्या दोन अपघातांत, चॅलेंजर आणि कोलंबियाच्या, १४ माणसांचा जीव गेला, म्हणजे पुनर्वापराची कल्पनाच फसली असं समजायचं का? आणि शेवटी एक खोचक पुरवणी: ‘तुम्ही स्वतः बसाल का?’

आधी मी कुठून बोलतोय ते सांगतो. माझं काम एनडीटीचं, म्हणजे भाग न तोडता त्याच्या पोटात काय आहे ते शोधण्याचं. २६ वर्षं झाली. बराचसा काळ विमानांच्या इंजिनांच्या भागांवर गेला, काही वर्षं रॉकेट मोटारींच्या आवरणांवर. मी अंतराळयान उडवलेलं नाही. पण वापरून आलेली वस्तू पुन्हा वापरायची की भंगारात टाकायची, त्या कागदावर सही करणं हेच माझं पोटापाण्याचं काम आहे. शटलच्या दोन्ही अपघातांचे अहवाल मी त्याच नजरेने वाचले.

आमच्या धंद्यात परत आलेला भाग म्हणजे साक्षीदार. तो कुठे तापला, कुठे घासला, कुठे ताणला गेला, हे त्याच्या अंगावर लिहिलेलं असतं. फेकून दिलेलं रॉकेट काहीच सांगत नाही. ते समुद्राच्या तळाशी जातं किंवा वातावरणात जळतं, आणि त्यात काय जेमतेम निभावलं ते कुणालाच कळत नाही. त्यामुळे नवं कोरं ते सुरक्षित आणि वापरलेलं ते धोक्याचं, हा बाजारातला हिशेब इथे थेट लागू होत नाही. शटलच्या बाबतीत साक्षीदाराने दोन्ही अपघातांआधी कित्येकदा तोंड उघडलं होतं.

इतिहास शटलपासून सुरू होत नाही, हेही सांगायला हवं. माणसाला घेऊन अंतराळाच्या वेशीपर्यंत जाणारं आणि परत वापरलं जाणारं पहिलं यान म्हणजे अमेरिकेचं एक्स-१५ हे रॉकेट-विमान. बी-५२ बॉम्बरच्या पंखाखालून ते सोडलं जाई. १९५९ ते १९६८ या काळात तीन विमानांनी मिळून १९९ उड्डाणं केली. १९६३ मध्ये जो वॉकर यांनी त्यातल्या तिसऱ्या विमानातून दोनदा १०० किलोमीटरची उंची ओलांडली. त्याच विमानात नोव्हेंबर १९६७ मध्ये मायकेल ॲडम्स यांचा मृत्यू झाला. उड्डाणात विजेच्या यंत्रणेत गडबड झाली, विमानाची दिशा भरकटली, स्वनातीत वेगात ते गरगरू लागलं आणि तुटलं. त्यात जुनेपणाचा भाग नव्हता. ज्यांना अशा गोष्टींत रस आहे त्यांच्यासाठी आणखी एक: जेमिनी-२ ही माणूस नसलेली कॅप्सूल जानेवारी १९६५ मध्ये उडाली, आणि तीच कॅप्सूल नोव्हेंबर १९६६ मध्ये पुन्हा उडवली गेली. दुसऱ्या खेपेला तिच्या उष्णतारोधक कवचातच दार कापलं होतं. कवचाला भोक पाडूनही ती धड परत आली.

आता शटल. १२ एप्रिल १९८१ रोजी कोलंबिया पहिल्यांदा उडालं तेव्हा आत जॉन यंग आणि रॉबर्ट क्रिपेन बसले होते. म्हणजे त्या यानाची कक्षेतली पहिली चाचणीच माणसांनिशी झाली. पुढे ३० वर्षांत पाच ऑर्बिटरांनी, म्हणजे माणसं बसायची त्या पंखवाल्या यानांनी, १३५ उड्डाणं केली, त्यातली ३९ एकट्या डिस्कव्हरीची. सुरुवातीला वर्षाला पन्नासाहून जास्त उड्डाणांची स्वप्नं दाखवली होती. प्रत्यक्षात १९८५ या सर्वांत धावपळीच्या वर्षात ९ झाली. एका ऑर्बिटरच्या दोन उड्डाणांमधलं सर्वांत कमी अंतर ५४ दिवसांचं, अटलांटिसचं. प्रत्येक ऑर्बिटरवर उष्णता अडवणाऱ्या वीस हजारांहून जास्त सिलिका टाइल्स, जवळजवळ प्रत्येकीचा आकार वेगळा, आणि प्रत्येक हाताने चिकटवलेली. माझ्या मते ‘पुनर्वापर’ हा शब्द शटलला मोठाच होता. ते दर खेपेला अर्धं उकलून पुन्हा बांधलेलं यान होतं.

चॅलेंजरबद्दल सगळ्यांना एवढं माहीत असतं की थंडीमुळे रबराची रिंग कडक झाली. २८ जानेवारी १९८६ ची ती सकाळ, उड्डाणाच्या वेळी हवेचं तापमान साधारण २ अंश, ७३ सेकंदांत सगळं संपलं. पण माझ्यासारख्याला त्यातली खरी गोष्ट मागच्या पाच वर्षांत दिसते.

शटलला वर ढकलणारे दोन घन इंधनाचे बूस्टर समुद्रात पॅराशूटने उतरायचे, ओढून आणले जायचे, धुऊन-पुसून पुन्हा भरले जायचे. त्यांची पोलादी आवरणं तुकड्यांची होती आणि तुकड्यांच्या सांध्यात दोन ओ-रिंगा, म्हणजे त्याच रबराच्या रिंगा. आतला तप्त वायू त्या रिंगांपर्यंत पोचताच कामा नये, असं मूळ आराखड्यात गृहीत धरलेलं होतं. १९८१ मधल्या दुसऱ्याच उड्डाणानंतर बूस्टर उकलले तेव्हा एक रिंग वायूने खाल्लेली दिसली. हे दिसलं कशामुळे? बूस्टर परत आले म्हणून. टाकाऊ बूस्टर असते तर चॅलेंजर फुटेपर्यंत कुणाला पत्ताही लागला नसता.

मग ते पुन्हा दिसलं, पुन्हा दिसलं. जानेवारी १९८५ मध्ये सांध्याचं तापमान १२ अंशांच्या आसपास असताना झालेल्या उड्डाणानंतर दोन रिंगांच्या मधलं ग्रीस काळं पडलेलं सापडलं. म्हणजे वायू पहिल्या रिंगेला ओलांडून गेला होता. बूस्टर बनवणाऱ्या मॉर्टन थायोकोल कंपनीतले रॉजर बॉइजोली यांनी ते पाहिलं आणि ते हादरले. उड्डाणाच्या आदल्या रात्री त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दूरध्वनीवरच्या बैठकीत उड्डाण करू नका असं सांगितलं. पण त्यांनी दाखवलेल्या तक्त्यांत फक्त बिघाड झालेली उड्डाणं होती, बिघाड न झालेली वगळली होती. त्यामुळे तापमानाचा संबंध डोळ्यांत भरला नाही. चौकशी करणाऱ्या रॉजर्स आयोगाने सगळी उड्डाणं एकत्र मांडली तेव्हा चित्र लख्ख झालं: सांध्याचं तापमान साधारण १९ अंश किंवा त्याहून जास्त असलेल्या २० उड्डाणांपैकी ३ मध्ये रिंगांवर खुणा, आणि १७ अंश किंवा त्याखालच्या चारही उड्डाणांत खुणा. आकडे आधीपासून त्यांच्याच कपाटात होते. काखेत कळसा आणि गावाला वळसा, दुसरं काय.

त्यातला एक युक्तिवाद मी नव्या मुलांना मुद्दाम सांगतो. रिंग त्रिज्येच्या एक तृतीयांश इतकी जळली, म्हणून आपल्याकडे तिप्पट सुरक्षितता आहे, असं कागदावर मांडलं गेलं होतं. आयोगातले भौतिकशास्त्रज्ञ रिचर्ड फाइनमन यांनी हे अचूक पकडलं. जी गोष्ट मुळीच जळायला नको ती थोडी जळली, तर उरलेला भाग ही तुमची शिल्लक होत नाही. तुमचा हिशेब चुकला, एवढंच त्यातून कळतं. नासाच्या व्यवस्थापनाच्या मते यान गमावण्याची शक्यता एक लाखात एक होती आणि इंजिनियरांच्या मते शंभरात एक, हेही फाइनमन यांनीच नोंदवलं. शेवटी १३५ उड्डाणांत २ यानं गेली. कोणाचा अंदाज जवळचा होता ते तुम्हीच पाहा.

आता पुनर्वापराच्या विरोधातला एक मुद्दा प्रामाणिकपणे मांडतो, कारण तो सहसा कुणी सांगत नाही. चॅलेंजरच्या त्या सांध्यातल्या दोन्ही पोलादी तुकड्यांचा व्यास आधीच्या वापराने किंचित वाढलेला होता, अशी नोंद आयोगाने केली आहे. आतल्या दाबाने धातू फुगतो आणि पूर्ण मूळ मापावर येत नाही. त्यामुळे सांध्यातली फट अगदीच अरुंद झाली आणि रिंगेला दाबाने सरकून जागा धरायला वाव कमी पडला. मूळ दोष आराखड्याचा आणि थंडीचा. पण झिजेची, वापराची सावली त्यावर पडली होती हे नाकारता येत नाही.

इथे माझी स्वतःची एक गोष्ट. नोकरीच्या तिसऱ्या वर्षी इंजिनाच्या एका चकतीच्या बोल्टच्या भोकापाशी मला बारीकसा संकेत दिसला. जुनी फाइल काढली, तर मागच्या दोन तपासण्यांतही तो होता आणि दोघांनीही शेरा मारला होता: ‘पूर्वीसारखंच.’ मी पेन उचललं. आमचे वरिष्ठ मागे उभे होते. म्हणाले, “मोजलंस, की नुसतं पाहिलंस?” मी नुसतं पाहिलं होतं. आधीच्या दोघांनीही मोजलं नव्हतं. दुसऱ्याने पहिल्यावर विश्वास ठेवला होता, आणि मी दोघांवर ठेवणार होतो. मोजलं तर तो तडा होता. चकती बाद झाली. तेव्हापासून ‘पूर्वीसारखंच’ हा शब्द वाचला की माझ्या मानेवरचे केस उभे राहतात.

कोलंबियाचा अपघात हा त्याच शब्दाचा अपघात आहे. १६ जानेवारी २००३ च्या उड्डाणात साधारण ८२ व्या सेकंदाला बाहेरच्या इंधन टाकीवरचा पाऊण किलोचा फोमचा तुकडा सुटला आणि ताशी ८०० किलोमीटरच्या आसपासच्या सापेक्ष वेगाने डाव्या पंखाच्या पुढच्या कडेवर आदळला. १ फेब्रुवारीला परतताना त्या भोकातून तप्त वायू पंखात शिरला. कल्पना चावला यांच्यासह सात जण गेले.

गंमत म्हणा की विटंबना, शटलच्या मुख्य भागांपैकी दर खेपेला फेकून दिली जाणारी गोष्ट एकच होती: ती टाकी. म्हणजे मारेकरी पुनर्वापराचा भागच नव्हता. टाकी जळून जायची, त्यामुळे फोम कुठून, कसा सुटला ते टाकी हातात धरून कधीच पाहता आलं नाही. पण जखमा परत येत होत्या. दर उड्डाणानंतर टाइल्सवर सरासरी १४० च्या आसपास खळगे मोजले जात. टाकीच्या ज्या उतरत्या भागाचा फोम कोलंबियावर आदळला, त्याच भागाचा फोम त्याआधी निदान सहा वेळा सुटला होता. शेवटची वेळ तर तीनच महिन्यांपूर्वीची, ऑक्टोबर २००२ मधली. पण रोज मरे त्याला कोण रडे! फोमचा मार हा सुरक्षिततेचा प्रश्न न राहता दुरुस्तीच्या वेळापत्रकाचा प्रश्न झाला होता. एवढे खळगे भरायला किती दिवस लागतील, इतकाच.

१९८८ मध्ये तर यमाने दारावर टकटक केली होती. अटलांटिसच्या डिसेंबरमधल्या मोहिमेत सातशेहून अधिक टाइल्स खराब झाल्या आणि एक पूर्ण निखळली. तिच्याखाली नेमकी अँटेनाची जाड धातूची पट्टी होती म्हणून निभावलं. कमांडर रॉबर्ट गिब्सन यांनी यंत्रहाताच्या कॅमेऱ्यातून नुकसान पाहिलं होतं आणि आपण वाचत नाही अशी त्यांची खात्री झाली होती. यान उतरलं, लोकांनी टाळ्या वाजवल्या. साक्षीदार इतक्या मोठ्याने क्वचितच ओरडतो.

कोलंबिया कक्षेत असताना काही इंजिनियरांनी पंखाची छायाचित्रं मागवा म्हणून विनंत्या केल्या. त्या पुढे गेल्या नाहीत. नंतर जुलै २००३ मध्ये वायूच्या तोफेने पंखाच्या कडेच्या तशाच पॅनेलवर फोमचा तुकडा मारला, तेव्हा हातभर नाही तरी चांगलं ४० सेंटिमीटरचं भगदाड पडलं. तोपर्यंत ‘फोम इतका हलका, तो काय करणार’ असं म्हणणारे बरेच होते.

माझ्या क्षेत्राची लाजही इथे सांगतो. पंखाच्या कडेची ती कार्बन-कार्बनची पॅनेलं दर खेपेला हजार-दीड हजार अंश तापत. वापराने त्यांच्यात ऑक्सिडेशन होत होतं, सुईच्या टोकाएवढी छिद्रं पडत होती. त्यातल्या काही छिद्रांमागे प्रक्षेपण तळाच्या रंगातलं जस्त होतं, जे पावसाने धुऊन यानावर गळायचं. आणि दोन उड्डाणांमध्ये त्यांची तपासणी मुख्यतः डोळ्यांनी पाहून, हातांनी चाचपून होत असे. अपघातानंतरच्या चौकशी मंडळाने पहिल्याच शिफारशींमध्ये या पॅनेलांसाठी नीट एनडीटी आखायला सांगितलं. बावीस वर्षं उडालेल्या यानाबद्दल!

उलटी उदाहरणंही आहेत. जून २००२ मध्ये अटलांटिसच्या हायड्रोजनच्या नळीतल्या आतल्या अस्तराला बारीक तडे सापडले. शोधत गेल्यावर इतर ऑर्बिटरांतही निघाले आणि सगळा ताफा काही महिने जमिनीवर राहिला. १९९९ मध्ये आयलीन कॉलिन्स कमांडर असताना उड्डाणाच्या पहिल्या काही सेकंदांतच घासलेल्या वायरीमुळे शॉर्ट सर्किट झालं. मग सर्व यानांच्या मैलोन्‌मैल वायरी तपासल्या गेल्या. ही खरीखुरी झीज, आणि तिथे लोकांनी ऐकलं. त्यामुळे कुणी मेलं नाही, आणि म्हणूनच ती प्रकरणं कुणाला आठवतही नाहीत.

नासाने नंतर मागे वळून हिशेब केला तेव्हा पहिल्या उड्डाणांचा जीवघेणा धोका नवात एक इतका निघाला आणि शेवटच्या काळातला साधारण नव्वदात एक. म्हणजे तीच यानं जुनी होत गेली आणि धोका कमी होत गेला. ‘जुनं म्हणजे धोक्याचं’ म्हणणाऱ्यांसमोर मी हाच आकडा ठेवतो.

शटलचा मोठा गुन्हा माझ्या लेखी वेगळाच होता: संकटात सुटायला वाट नव्हती. पहिल्या चार उड्डाणांत दोघांसाठी फेकआसनं होती. मग माणसं वाढली आणि आसनं गेली. घन इंधनाचे बूस्टर एकदा पेटले की विझवता येत नाहीत, आणि ती दोन मिनिटं नशिबावर. चॅलेंजरची केबिन स्फोटातून जवळजवळ अखंड बाहेर पडली होती, पण तिला खाली सुखरूप आणणारं काही नव्हतं. याउलट सप्टेंबर १९८३ मध्ये सोविएत सोयुझ यानाचं रॉकेट तळावरच पेटलं, तेव्हा टोकावरच्या सुटका रॉकेटने कॅप्सूल उचलून नेली आणि तितोव व स्त्रेकालोव जिवंत राहिले. सोयुझ दर वेळी नवी असते म्हणून ते वाचले नाहीत. ते टोकावर बसले होते आणि डोक्यावर खेचणारं रॉकेट होतं. शटलमध्ये माणसं टाकीच्या शेजारी बसत. फोम पडला तो वरून, हेही विसरू नका.

बुरान या शटलसारख्या सोविएत यानाबद्दल लोक फार हळहळतात. नोव्हेंबर १९८८ मध्ये ते माणसाविना एकदा उडालं, आपोआप उतरलं, आणि पुन्हा कधी उडालं नाही. एका उड्डाणावरून पुनर्वापराबद्दल काही म्हणता येत नाही. व्हर्जिन गॅलेक्टिक कंपनीचं स्पेसशिप-टू हे यान ऑक्टोबर २०१४ मध्ये कोसळलं ते सहवैमानिकाने परतताना वळवायच्या शेपटीचं कुलूप वेळेआधी उघडल्याने. एका माणसाच्या एका चुकीने यान तुटू शकेल असा आराखडा करणं हा त्यातला खरा धडा; झिजेचा संबंध नाही.

आता आजचं. स्पेसएक्स कंपनीचं क्रू ड्रॅगन हे यान मे २०२० मध्ये पहिल्यांदा माणसं घेऊन गेलं आणि एप्रिल २०२१ मध्ये तीच एंडेव्हर कॅप्सूल, वापरलेल्या बूस्टरवर बसून, दुसरे चौघे घेऊन गेली. सुटकेची इंजिनं कॅप्सूलच्या अंगातच आहेत. पण माझ्या दृष्टीने तिच्या इतिहासातला सर्वांत मोलाचा दिवस म्हणजे २० एप्रिल २०१९. आंतरराष्ट्रीय अंतराळ स्थानकावर जाऊन परत आलेली, माणूस नसलेली ड्रॅगन कॅप्सूल जमिनीवर चाचणीला उभी होती. सुटकेची इंजिनं पेटवायच्या क्षणभर आधी ती फुटली. एका झडपेतून नायट्रोजन टेट्रॉक्साइड गळून हेलियमच्या नळीत साचलं होतं. दाब आल्यावर ते टायटॅनियमच्या झडपेवर आदळलं आणि टायटॅनियमच पेटलं. झडपांच्या जागी, दाब आल्यावरच फुटून वाट देणाऱ्या चकत्या बसवल्या गेल्या. एक कॅप्सूल गेली, माणूस एकही नाही.

दुसरा किस्सा ऐकायला हास्यास्पद, पण माझा आवडता. सप्टेंबर २०२१ मध्ये इन्स्पिरेशन-४ या खासगी मोहिमेची ड्रॅगन कॅप्सूल परतल्यावर तिची फरशी उघडली, तर शौचालयाची नळी निसटून मूत्र खाली पसरलेलं. त्याच वेळी दुसरी ड्रॅगन स्थानकाला जोडलेली होती. कॅमेरा आत घालून पाहिलं, तिथेही तेच. त्या मूत्रात ऑक्झोन हे रसायन मिसळतात. ते ॲल्युमिनियम खाईल का, हे जमिनीवर नमुने ठेवून तपासलं गेलं आणि मगच चौघांना त्या कॅप्सूलमधून खाली आणलं, शौचालय बंद ठेवून, डायपर लावून. परत आलेल्या यानाने कक्षेतल्या यानाचं दुखणं सांगितलं, आणि या वेळी कुणीतरी ऐकलं.

याच्या उलट बाजूला बोइंगची स्टारलायनर कॅप्सूल. जून २०२४ मध्ये स्थानकाकडे जाताना तिचे पाच थ्रस्टर, म्हणजे दिशा सांभाळणारी छोटी इंजिनं, बंद पडले, हेलियम गळलं. कॅप्सूल पुन्हा वापरायची असली तरी हे थ्रस्टर होते सेवा-विभागात, आणि तो परतीच्या वाटेवर टाकून दिला जातो, जळतो. म्हणजे आजारी भाग प्रयोगशाळेत येणारच नव्हता. म्हणून तर इंजिनियर यान स्थानकाला जोडलेलं असतानाच थ्रस्टर उडवून पाहत बसले, आणि अखेर यान सप्टेंबरमध्ये रिकामं उतरवलं. ड्रॅगनचाही मागचा ‘ट्रंक’ असाच टाकला जातो. त्यामुळे कुठल्याही नव्या यानाबद्दल वाचताना मी आधी हे शोधतो की काय परत येतं आणि काय जळतं, आणि जळणाऱ्या भागात माणसांचा जीव अडकलेला आहे का.

राहिली खोचक पुरवणी. हो, बसेन. अगदी पहिल्या उड्डाणात नाही. तिसऱ्या-चौथ्या खेपेला, सुटकेची वाट असलेल्या कॅप्सूलमध्ये. बसण्याआधी मागच्या उड्डाणानंतरच्या तपासणीची फाइल मागेन. आणि तिच्यात मापाच्या रकान्यात आकड्याऐवजी ‘पूर्वीसारखंच’ असं लिहिलेलं दिसलं, तर फाइल परत करून खाली उतरेन.